झणझणीत सिचुआनी बीफ नूडल्स: अर्ध्या तासात, घरच्या कढईत

चुलीपाशी:
मंडळी, इंडो-चायनीजच्या धाग्यावर दोघातिघांनी विचारलं होतं की हाका नूडल्स सोडून खरंखुरं चिनी, झणझणीत आणि ऑफिसातून दमून आल्यावरही करता येईल असं काही आहे का. तिथे माझा प्रतिसाद फारच लांबायला लागला म्हणून वेगळा धागा काढतेय.

कामानिमित्त मी काही काळ चेंगडूला होते, आता मेलबर्नला असते. चेंगडू म्हणजे सिचुआन प्रांताची राजधानी. तिथे गल्लोगल्ली नूडल्सची छोटी छोटी दुकानं आहेत आणि सकाळी नाश्त्यालाच लोक बुटक्या स्टुलांवर बसून लालभडक वाडगे ओरपत असतात. ऑर्डर वजनावर द्यायची, एक लियांग म्हणजे ५० ग्रॅम, बेताची भूक असेल तर दोन लियांग पुरतात. बीफ नूडल्स (न्यौरौ म्यॅन) साधारण दोन तऱ्हेचे मिळतात, एक रस्स्याचे, ज्यात मांसाचे तुकडे तासन् तास शिजवलेले असतात, आणि दुसरे कोरडे, ज्यात तळाला मसाला, मध्ये नूडल्स आणि वर खरपूस परतलेला खिमा. आठवड्यातल्या कामाच्या दिवशी जमतात ते हे दुसरे, तेच देतेय.

दोन माणसांना पाव किलो खिमा, चरबीसकट. अगदी लीन म्हणून जो मिळतो तो नको, तो कोरडा होतो पण खरपूस होत नाही, दाताखाली नुसता रवाळ लागतो. नूडल्स वाळलेल्या २०० ग्रॅम, गव्हाच्या, अंड्याच्या किंवा साध्या कशाही. खिम्यासाठी दीड टेबलस्पून तोउबानज्यांग (मिरची आणि फावा बीन्स आंबवून केलेली लाल पेस्ट, यावर खाली कोणी ना कोणी विचारणारच, तेव्हा सविस्तर लिहीन), बारीक चिरलेलं आलं आणि लसूण, एक टेबलस्पून शाओशिंग वाइन (स्वयंपाकातली चिनी तांदळाची वाइन) असेल तर, नसेल तर पाण्याचा शिपका, आणि चमचाभर सोया सॉस. मीठ घालायचं नाही, पेस्ट आणि सोया दोन्ही खारट असतात.

वाडग्यातला मसाला, हा प्रत्येक वाडग्यात वेगळा करायचा: एक टेबलस्पून सोया सॉस, एक छोटा चमचा काळं चिनी व्हिनेगर, एक टेबलस्पून भाजलेल्या तिळाची पेस्ट, दीड-दोन टेबलस्पून लाल मिरचीचं तेल (तळाच्या मिरचीसकट), अर्धा छोटा चमचा साखर, एक पाकळी लसूण किसून आणि भाजून कुटलेली सिचुआन मिरी (जिभेला झिणझिण्या आणणारी टरफलं) पाव छोटा चमचा. हे आधी करून ठेवा. नूडल्सचं पाणी उकळायला ठेवा. मग खिम्याकडे वळा.

आता महत्त्वाचं. लोक झटपट म्हटलं की सगळं एकदम कढईत टाकतात आणि दहा मिनिटात करड्या रंगाचा ओलसर खिमा तयार होतो, वरून कितीही मिरची घाला तो फिक्काच लागतो. खिमा नुसता तेलावर, मोठ्या आचेवर, पसरून टाका. पहिली तीन-चार मिनिटं त्याला पाणी सुटेल आणि तो स्वतःच्याच पाण्यात शिजेल. इथे थांबायचं नाही, परतत राहायचं, गुठळ्या झाऱ्याने मोडत राहायच्या. पाणी आटत आलं की आवाज बदलतो, खदखद थांबून चुरचुर सुरू होते आणि कढईतलं गढूळ तेल स्वच्छ दिसायला लागतं. तिथून पुढे आणखी तीन-चार मिनिटं. खिम्याचे दाणे सुटे, तपकिरी आणि कडेने कुरकुरीत व्हायला हवेत. मगच आच मध्यम करून खिमा बाजूला सारा, मोकळ्या झालेल्या तेलात तोउबानज्यांग घाला आणि मिनिटभर परता. मिरचीचा लाल रंग तेलात उतरतो, पाण्यात उतरत नाही, म्हणून आधी पाणी पूर्ण आटायला हवं, ते राहिलं तर पेस्ट नुसती उकडते. तेल लाल झालं की आलं-लसूण, मग वाइन, मग सोया, सगळं एकत्र करून उतरवा.

नूडल्स उकळत्या पाण्यात किंचित कच्च्या असतानाच काढा, त्याच पाण्यात शेवटच्या अर्ध्या मिनिटाला पालक किंवा पाकचॉय टाका. ते पाणी फेकू नका! तीन-चार टेबलस्पून प्रत्येक वाडग्यात घालून मसाला सारखा करा, तिळाची पेस्ट त्यानेच सुटते आणि नूडल्सला धरते. नूडल्स, पालेभाजी, खिमा, जाडसर कुटलेले भाजके शेंगदाणे, पातीचा कांदा. तळापासून वरपर्यंत ढवळायचं आणि लगेच खायचं. नूडल्सला मिसळीच्या तर्रीसारखा लाल तवंग चिकटलेला दिसला पाहिजे.

पुणेरी_भूक:
तोंपासु (तोंडाला पाणी सुटलं)!! वाखूसा (वाचनखूण साठवली). फोटो हवाच होता. बाकी तुम्ही म्हणालात तसंच, पहिला प्रश्न तोउबानज्यांगचाच. ते पुण्यात मिळेल का आणि त्याच्याऐवजी शेजवान चटणी चालेल का?

चुलीपाशी:
शेजवान चटणी नको. ती आपल्याकडे जन्माला आलेली गोष्ट आहे, मला आवडते, फ्राइड राइसला मस्तच, पण तिच्यात आंबवलेपणाची चव नसते आणि ती असते म्हणून तर हा खिमा इतक्या कमी वेळात इतका मुरलेला लागतो. ते मुरण्याचं काम पेस्टने आधीच वर्ष-दोन वर्षं करून ठेवलेलं असतं. सगळ्यात नावाजलेली पेस्ट पिश्येनची, चेंगडूच्या वायव्येला हा भाग आहे, आता त्याला पिदू म्हणतात. अरज्यिंगत्याव नावाची लांब लाल मिरची, मीठ आणि फावा बीन्स. मोठमोठ्या रांजणांत घालून उन्हात उघडी ठेवतात, रोज ढवळतात, पाऊस आला की झाकतात. जितकी जुनी तितकी काळपट आणि कमी तिखट.

घेताना पाकिटामागे वाचा, मिरची, फावा बीन्स, मीठ, गव्हाचं पीठ एवढंच असेल तर चांगलं. रंग तपकिरी-लाल हवा. चकचकीत टोमॅटो रंगाची असेल तर ती बहुधा ताजी मिरची आणि तेल असते. मोठ्या शहरांत आशियाई सामानाची दुकानं आहेत तिथे आणि ऑनलाइन मिळते. एकदा आणली की फ्रिजमध्ये महिनोन् महिने टिकते. बीन्स अख्ख्या असतील तर सुरीने बारीक चिरून घ्या, नाहीतर एका घासात मीठच मीठ लागतं.

कोरियन गोचुजांगबद्दल (तिकडची मिरचीची पेस्ट) पण कोणीतरी विचारेल म्हणून सांगते, ती गोड आणि चिकट असते, पदार्थ वाईट नाही होणार पण वेगळा होईल.

भीमाकाठचा:
चांगला धागा. खिमा कोरडा करायचं जे लिहिलंय ते शंभर टक्के पटलं. महाराष्ट्रात राहणाऱ्यांसाठी थोडी भर घालतो. आपल्याकडे गोहत्येवर बंदी १९७६ च्या कायद्याने होती, मार्च २०१५ पासून बैल आणि वळूही त्यात आले, म्हशी-रेड्याचं मांस मात्र कायद्याने चालतं, त्यामुळे इथे कसायाकडे जे मिळतं ते म्हशीचंच. आमच्याकडे मोठ्याचं म्हणतात. लहानपणापासून घरात होतंय, गरिबाघरी पोट भरायला आणि सणाला पण तेच, तेव्हा मला त्याचं कौतुक आहे आणि त्यावर कोणी नीट पाककृती लिहिली की आनंद होतो.

तर म्हशीचा खिमा करताना तीन गोष्टी. पहिली, मांस फार लीन असतं, कसायाला सांगून खिम्यातच थोडी चरबी घालून घ्यायची, पाव किलोला ३०-४० ग्रॅम तरी. दुसरी, खिमा एकदाच काढायला सांगायचा, जाडसर. दोनदा काढला की त्याचा लगदा होतो आणि दाणे सुटत नाहीत. तिसरी सगळ्यात महत्त्वाची, आपल्याकडे खिमा धुवायची सवय आहे. धुवायचाच असेल तर आख्खं मांस धुवा, पुसा आणि मग खिमा काढा. धुतलेला खिमा कितीही निथळला तरी पाणी धरून ठेवतो, मग ताई म्हणतात ती चुरचुर यायला वीस मिनिटं लागतात आणि तोवर मांस चिवट झालेलं असतं.

पुणेरी_भूक:
हे धुण्याचं फार उपयोगी सांगितलंत. मी नेहमी चाळणीत धुऊनच घेते, आणि पाणी का सुटतं ते कळत नव्हतं.

चुलीपाशी:
भीमाकाठचा, फार छान भर. म्हशीच्या मांसाचं तिकडेही वावडं नाही बरं का. सिचुआनच्या दक्षिणेला झिगोंग नावाचं गाव आहे, शेकडो वर्षं मिठाच्या विहिरींसाठी प्रसिद्ध. समुद्र दूर, म्हणून जमिनीखालचं खारं पाणी बांबूच्या नळ्यांनी उपसायचं आणि आटवून मीठ करायचं. तिथली शेनहाय विहीर १८३५ साली हजार मीटरच्या खाली नेली होती, तीही हातापायाच्या ताकदीवर. उपसायचे रहाट फिरवायला बैल आणि रेडे जुंपत. जनावरं म्हातारी झाली, कामातून गेली की मांस मजुरांच्या वाट्याला यायचं, तेव्हा चिवट मांस पातळ कापून तिखटजाळ पाण्यात शिजवायची पद्धत तिथे रुळली. श्वेझू न्यौरौ म्हणजे तिखट रश्शातलं बीफ हा सिचुआनचा नावाजलेला पदार्थ तिथलाच. एरवी सिचुआनमध्ये रोजचं मांस म्हणजे डुकराचं, त्यात झिगोंगचं हे बीफ उठून दिसतं.

अळणी_आवडत_नाही:
आम्ही बीफ खात नाही पण पाककृती वाचून करावीशी वाटतेय. चिकन खिमा चालेल? आणि घरात एक पूर्ण शाकाहारी आहे, तिच्यासाठी काय?

चुलीपाशी:
नक्की करा. चिकन खिमा मांड्यांचा घ्या, छातीचा नको, आणि तेल दोन चमचे जास्त. मटणाचा खिमा तर बीफच्या जास्त जवळ जाईल. शाकाहारींसाठी मश्रूम अगदी बारीक चिरून, त्याचं पाणी पूर्ण आटवून, तपकिरी होईपर्यंत परता, रीत तीच आहे. भिजवून घट्ट पिळलेले सोया ग्रॅन्यूल्सही चालतात पण ते आधी तेलावर खरपूस करा. पेस्टमध्ये आणि वाडग्यातल्या मसाल्यात तसंही मांस काहीच नाही, पाकीट एकदा वाचून घ्या म्हणजे झालं.

मडगांव_मार्केट:
देव बरें करूं! गोंयांतल्यान वाचतोय. आमच्याकडे बीफ मार्केटात मिळतं आणि घरोघरी बीफ चिली फ्राय होतं, पातळ काप, कांदा, सिमला मिरची, हिरव्या मिरच्या, व्हिनेगर. मी तेच नूडल्सवर घालतो नेहमी. खिम्यापेक्षा मला काप आवडतात. तुमचा मसाला वापरून काप करता येतील का? आणि काळं व्हिनेगर नाही, माडाच्या सुरेचं व्हिनेगर आहे.

चुलीपाशी:
येतील की! काप करायचे तर मांस तासभर फ्रीजरमध्ये ठेवा, अर्धवट घट्ट झालं की सुरी सरळ चालते. धागे ज्या दिशेने जातात त्याला आडवं कापायचं, २-३ मिलिमीटर जाड. मग पाव किलोला पाव छोटा चमचा खायचा सोडा आणि दोन चमचे पाणी चोळून १५-२० मिनिटं, मग धुऊन, पुसून, त्याला चमचाभर सोया, चमचाभर कॉर्नफ्लोअर आणि थोडं तेल. सोड्याने मांसाच्या बाहेरचा भाग अल्कली होतो आणि त्यातली प्रथिनं तापल्यावर एकमेकांना घट्ट आवळत नाहीत, म्हणून काप मऊ राहतात. हॉटेलातलं बीफ किंवा चिकन इतकं मऊ कसं असतं त्याचं बरंचसं उत्तर यात आहे. म्हशीच्या मांसाला तर हे केलंच पाहिजे. सोडा प्रमाणात हं, जास्त झाला तर साबणाची चव येते.

कापांना मात्र उलटी रीत, कढई धूर येईपर्यंत तापवायची, दोन भागांत परतायचं, प्रत्येक भाग मिनिट-दीड मिनिट. काप बाजूला काढून मग त्याच कढईत पेस्ट, आलं-लसूण, कांदा, आणि शेवटी काप परत.

माडाचं व्हिनेगर उत्तम. चिनी काळं व्हिनेगर चिकट तांदळाचं असतं, थोडं गोडसर आणि मुरलेलं, तेव्हा तुमच्या व्हिनेगरात चिमूटभर गूळ विरघळवून घाला.

मडगांव_मार्केट:
बरें! आणि सिचुआन मिरी नसेल तर तेफळां घालू का? आमच्या बांगड्याच्या हुमणात घालतात ती. वास थोडा तसाच वाटतो मला.

चुलीपाशी:
मी याच प्रश्नाची वाट बघत होते. हो, घाला! तेफळ (घाटावर आणि कोकणात तिरफळ) आणि सिचुआन मिरी एकाच वंशातली झाडं आहेत, झँथॉक्सिलम. लिंबाच्या कुळातली, म्हणून तो आंबटसर ताजा वास. दोन्हीत बी टाकून द्यायची आणि टरफल वापरायचं, काळी बी कचकच लागते. फरक इतकाच की तिरफळात लाकडासारखा उग्र वास जास्त आणि जिभेची झिणझिण कमी. म्हणून पाव चमच्याच्या जागी थोडं जास्त घ्या, कोरडं भाजून, खलबत्त्यात कुटून, चाळून. हुमणात आपण तिरफळ ठेचून टाकतो आणि जेवताना बाजूला काढतो, इथे ते पोटात जाणार आहे, त्यामुळे चाळणं चुकवू नका.

डोंगरवाट:
माझं बरंच फिरणं उत्तराखंडला आणि नेपाळला असतं. तिकडचा तिमूर (नेपाळीत टिमुर) सिचुआन मिरीच्या आणखी जवळ जातो, झणझणाट खूपच जास्त. पहाडात त्याच्या काड्यांनी दात घासतात. नेपाळात मोमोच्या चटणीत घालतात. देहरादूनच्या बाजारात मला सहज मिळाला, आता भारतात ऑनलाइनही मिळतो.

जिज्ञासू_जीभ:
ही झिणझिण नेमकी काय असते यावर थोडं. ती तिखटाची नाही. सान्शूल नावाचं द्रव्य असतं त्यात, ते जिभेवरच्या स्पर्श ओळखणाऱ्या मज्जातंतूंना चेतवतं. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजच्या संशोधकांनी २०१३ मध्ये लोकांच्या ओठाला सिचुआन मिरी लावून बोटावरच्या यांत्रिक कंपनाशी तुलना करायला सांगितली, तर ती साधारण ५० हर्ट्झची निघाली. म्हणजे ओठ हलत नसतात पण मेंदूला कंप पावल्यासारखे वाटतात.

आणखी एक, अमेरिकेत १९६८ पासून २००५ पर्यंत सिचुआन मिरीच्या आयातीवर बंदी होती, लिंबू-संत्र्याच्या झाडांवर पडणाऱ्या कँकर रोगाच्या भीतीने. नंतर तापवून निर्जंतुक केलेली चालेल असं ठरलं.

चुलीपाशी:
वा! हे ५० हर्ट्झचं मला ठाऊक नव्हतं, फार आवडलं. सिचुआनमध्ये झिणझिण (मा) आणि तिखट (ला) या दोन वेगळ्या चवी धरतात आणि दोन्ही जोखून घालतात. नुसती मिरची वाढवत गेलं तर तोंड भाजतं आणि पुढची चव कळत नाही, मिरीने जीभ जरा बधिर झाली की तेवढीच मिरची सोसते आणि खाली खिमा, तीळ, व्हिनेगर सगळं कळतं. म्हणून माझी विनंती आहे, तिरफळ, तिमूर काहीही घ्या पण हा भाग गाळू नका.

तैपेईकर:
थोडा विरोध नोंदवतो. बीफ नूडल्स म्हटलं की रस्साच हवा! मी तैवानला राहतो आणि इथे होंगशाव न्यौरौ म्यॅन म्हणजे जवळजवळ राष्ट्रीय पदार्थ. १९४९ नंतर चीनमधून आलेले सैनिक आणि त्यांची कुटुंबं यांच्या वस्त्यांतून तो पुढे आला असं मानतात, काओशुंगजवळच्या गांगशानला सिचुआनी धर्तीची तोउबानज्यांग करायला लागले ती अजून तिथे होते. त्याआधी इथल्या शेतकरी घरांत बीफ खातच नसत कारण बैल-रेडा शेतात राबायचा, आजही काही जुनी माणसं त्या कृतज्ञतेपोटी खात नाहीत. आपल्या गावाकडच्या माणसाला हे वेगळं समजावून सांगावं लागणार नाही.

भीमाकाठचा:
बैलाला ओवाळून पुरणपोळी भरवणारी आणि मोठ्याचं खाणारी अशी दोन्ही घरं एकाच गावात असतात, आणि बऱ्याचदा एकच घर दोन्ही करतं. तैवानचं वाचून बरं वाटलं.

चुलीपाशी:
तैपेईकर, विरोध मान्य! पण तो रस्सा दोन-अडीच तासांचा आहे ना, म्हणून इथे दिला नाही. प्रेशर कुकरमध्ये तुम्ही करता का?

तैपेईकर:
करतो की. नडगीचं मांस (शँक) मोठे तुकडे, एक उकळी देऊन ते पाणी फेकायचं. मग तेलावर आलं, लसूण, कांदा, दीड-दोन चमचे तोउबानज्यांग, एक टोमॅटो, एक-दोन चक्रीफूल, दालचिनीचा तुकडा, सोया सॉस, खडीसाखर, तांदळाची वाइन, पाणी. कुकरला एक शिट्टी आली की बारीक आचेवर ३०-३५ मिनिटं, आणि वाफ आपोआप जिरू द्यायची. वाफ हाताने सोडली तर मांस चिवट लागतं. वर आंबवलेल्या मोहरीच्या पाल्याचं लोणचं, त्याशिवाय मजा नाही. मराठी स्वयंपाकघरात यातलं पेस्ट आणि वाइन सोडून सगळं असतंच. झटपट नाही पण हात फक्त पंधरा मिनिटं लागतात, बाकी कुकर करतो.

चुलीपाशी:
हे मी रविवारी करणार. चक्रीफूल माझ्या खिम्यात नाही, तसंच राहू दे, थोड्या वेळात ते नीट उतरत नाही.

पुणेरी_भूक:
नूडल्स कुठल्या घेऊ? घरात हाका नूडल्स आहेत आणि स्पॅगेटी आहे.

जिज्ञासू_जीभ:
स्पॅगेटीचा एक प्रयोग सांगतो, खरंच चालतो. लिटरभर पाण्यात दोन छोटे चमचे खायचा सोडा घालून उकळा. अल्कली पाण्याने पिवळसर, चिवट, घसरत्या नूडल्स होतात, चीनमध्ये बऱ्याच नूडल्सच्या पिठातच अल्कली घालतात. पाणी फसफसून वर येतं म्हणून मोठं पातेलं घ्या. मात्र ते पाणी वाडग्यात घालू नका, सोड्याची चव येईल, वेगळं गरम पाणी घ्या आणि नूडल्स एकदा गरम पाण्याने धुऊन घ्या.

चुलीपाशी:
बरोबर. हाका नूडल्स असतील तर मिनिटभर कमी शिजवा, आणि आपण फ्राइड नूडल्ससाठी करतो तसं गार पाण्याखाली धरून तेल चोळू नका. गार, तेलकट नूडल्सला मसाला धरत नाही. शिजवून तडक वाडग्यात.

अळणी_आवडत_नाही:
काल मटणाच्या खिम्याचं केलं! आवाज बदलतो ते अगदी कळतं हो, कान देऊन उभी होते कढईपाशी. मुलांसाठी पेस्ट अर्धी आणि तीळ दुप्पट, वाडग्यात लाल तेल नाही, त्यांनी चाटूनपुसून खाल्लं. शाकाहारी जावेसाठी मश्रूमचं, तिला तर आमच्यापेक्षा जास्त आवडलं. लाल तेल बाजारचं होतं, पण ते नुसतं तिखट, वास काहीच नाही. घरी कसं करायचं?

चुलीपाशी:
किती छान! तुमच्या जाऊबाईंना सांगा, मश्रूममध्ये थोडे अक्रोड कुटून घातले तर आणखी भरीव होतं.

लाल तेल घरचंच करा, फार सोपं आहे. अर्धी वाटी मिरची, त्यात तीन भाग बेडगी रंगाला आणि एक भाग लवंगी किंवा संकेश्वरी तिखटपणाला. कोरडी किंचित भाजून जाडसर कुटा, पूड नको, पूड करपते. उष्णता सोसेल अशा स्टीलच्या भांड्यात मिरची, चमचाभर तीळ, चिमूट मीठ. एक वाटी शेंगदाणा तेल (सिचुआनमध्ये भाजलेल्या रेपसीडचं वापरतात, ते मोहरीच्या जवळचं, पण शेंगदाण्याचं मला जास्त आवडतं), त्यात आल्याची चकती, पातीच्या कांद्याचा पांढरा भाग आणि दालचिनी मंद आचेवर तळून काढून टाका. मग तेल चांगलं तापवा, गॅस बंद करा आणि दोन-तीन मिनिटं थांबा. मिरचीचा एक कण टाकून बघा, फेसाळला आणि लालच राहिला तर तेल ओता, काळा पडला तर अजून थांबा. तेल तीन वेळा थोडं थोडं घालायचं. दुसऱ्या दिवशी रंग आणि वास दोन्ही चढतात.

मिरची मुळात गोव्यात पोर्तुगीजांबरोबर आली, चीनमध्ये तिची पहिली लेखी नोंद सोळाव्या शतकाच्या शेवटची. म्हणजे भारतात आणि चीनमध्ये ती बाहेरून, समुद्रावरूनच आली आणि पुढे कोल्हापूर आणि चेंगडू दोघांनी तेलात तिचा रंग काढायची रीत आपापली शोधली, याचं मला फार अप्रूप आहे.

मडगांव_मार्केट:
काप करून पाहिले, तेफळ भाजून घातलं. घरात सगळ्यांनी ओळखलं की तेफळ आहे, आणि बीफला चालतं यावर आईचा विश्वास बसेना. आता चिली फ्रायमध्येही घालणार म्हणते.

डोंगरवाट:
डब्यात नेता येईल का हे? ऑफिसात मायक्रोवेव्ह आहे.

चुलीपाशी:
खिमा आधी करून ठेवा, फ्रिजमध्ये तीन-चार दिवस छान राहतो, दुप्पटच करा, उरलेला टोफूवर घाला. मापो टोफूतही (सिचुआनचा झणझणीत टोफूचा पदार्थ) मुळात बीफचाच खिमा असतो. डब्यात मात्र नूडल्स आणि मसाला वेगवेगळे न्या. नूडल्सला चमचाभर तिळाचं तेल लावून, मसाला छोट्या बरणीत, खिमा वेगळा. ऑफिसात नूडल्सवर दोन चमचे पाणी शिंपडून झाकून गरम करा, खिमा गरम करा, आणि मसाल्यात गरम पाणी घालून मग एकत्र. शेंगदाणे पुडीत न्या, आधी घातले तर मऊ पडतात.